न आरवलेला कोंबडा

देवयानी ज्यांच्यावर पीएच.डी. करत होती, ते लेव्ह गुरेविच आपल्याच गावात राहतात हे तिला २००४ साली कळलं. प्रबंधात तिने त्यांच्याबद्दल 'होते' असं भूतकाळात लिहूनही टाकलं होतं. मॉस्कोत तीस वर्षं मुलांच्या कार्टूनपटांच्या पटकथा लिहिणारे गुरेविच आता अमेरिकेतल्या स्टेट कॉलेज नावाच्या या गावात प्रोफेसर मुलीकडे राहत, भांडी घासत आणि नातीला शाळेतून आणत.

देवयानी रेकॉर्डर घेऊन पोचली. गुरेविच खूश झाले. अमेरिकेत आल्यापासून त्यांना कोणी काही विचारलंच नव्हतं. तिने थेट कोंबड्याचा विषय काढला. त्यांच्या गाजलेल्या फिल्ममधला कोंबडा शेवटपर्यंत आरवत नाही. देवयानीच्या मते तो राजवटीने गप्प केलेला विचारवंत होता.

"आवाज देणारा नट पिऊन पडला होता," गुरेविच म्हणाले. "फिल्म सोमवारी द्यायची होती. मग म्हटलं, राहू दे गप्प."

आणि सेन्सॉर? तो बिचारा भला माणूस होता. त्याने एकदाच एक वाक्य बदलायला लावलं, तेही व्याकरण चुकलं होतं म्हणून.

देवयानीची रूममेट सावनी म्हणाली की यार, मग खरं तेच लिही ना. गाइड मात्र खुलले. लेखकाचा नकार हाच दडपशाहीचा पुरावा, असं त्यांनी समजावलं. देवयानीने त्यावर चाळीस पानांचं चौथं प्रकरण लिहिलं.

प्रबंधाच्या तोंडी परीक्षेला गुरेविच जुना सूट घालून आले आणि दारुड्या नटाची हकिकत त्यांनी पुन्हा सांगितली. परीक्षक समजूतदारपणे हसले. एकाने वहीत 'खोल आघात' असं टिपून घेतलं. देवयानी डॉक्टर झाली.

बाहेर पडताना गुरेविच तिला म्हणाले, "मॉस्कोत माझं एखादं वाक्य बदललं असेल. पण माझी गोष्ट मलाच कळत नाही, असं तिथे कोणी म्हणालं नाही."

देवयानीला लाज वाटली. मग नोकरीचा इंटरव्ह्यू आला आणि ती तयारीला लागली.

२००७ मध्ये अमेरिकेतल्याच शॉमबर्ग गावी एका हॉटेलात अभ्यासकांची परिषद भरली. प्रमुख वक्ते गुरेविच. कोंबड्याचा कंठ कसा दाबला गेला, धमक्या कशा आल्या, हे त्यांनी डोळे पुसत सांगितलं. सभागृह उभं राहून टाळ्या वाजवत होतं. देवयानीने त्यांना चहाच्या टेबलापाशी गाठलं आणि हे सगळं खोटं असल्याचं दबक्या आवाजात सुनावलं.

"खरं सांगितलं तेव्हा कोणी उभं राहिलं नव्हतं," ते बिस्किट बुडवत म्हणाले.

चहानंतर प्रश्नोत्तरं झाली. एका विद्यार्थिनीने याला काही पुरावा आहे का, असं विचारलं. गुरेविचनी अदबीने देवयानीकडे हात केला. माइक तिच्यापर्यंत आला. तिने आपल्या प्रबंधातल्या चौथ्या प्रकरणाचे पान क्रमांक सांगितले.