जावईबापूंची पाणकोंबडी

गेल्या वर्षी आमच्या नणंदेच्या नवऱ्यानं, राजकुमारभाऊजींनी, गावतलावातल्या जांभळ्या पाणकोंबडीचा फोटो काढला. ती अंड्यांवर नीट दिसावी म्हणून घरट्याभोवतीचं पाणकणीस विळ्यानं साफ कापून टाकलं. फोटोला बुलढाण्यात बक्षीस मिळालं. नाव दिलं होतं 'मातृत्व'. आडोसा गेल्यावर अर्ध्या तासात कावळ्यांनी पाचही अंडी फोडली, ते फोटोत नाही. तेव्हा भाऊजी आमच्या ओट्यावर चहा पीत सांगत होते, पक्ष्याचं मन कळायला माणूस हळवा लागतो.

भाऊजी कॉलेजात क्लार्क आहेत. नावाच्या पाटीवर 'पक्षितज्ज्ञ' लिहिलंय.

यंदा अधिक श्रावण. जावयाला पुरणाच्या धोंड्यांचं जेवण. अधिकात जावई म्हणजे नारायण, आणि नारायणाला कुणी नाही म्हणत नाही. नांदुऱ्याला बसमधून उतरले तेच पानापानांचं जाकीट घालून, गळ्यात उखळाएवढी लेन्स. चूळ भरायच्या आधी विचारलं, "वहिनी, कोंबडी कुठं बसली यंदा?"

"मले काय माहीत, भाऊजी."

"तुम्ही रोज दुपटी धुता ना तिथं?"

धुते. पोरगी बाभळीला बांधलेल्या झोळीत निजते तेवढाच वेळ माझा. दगडावर दुपटं आपटायचं आणि समोर बघायचं. कोंबडीएवढीच असते ती, पण अंगावर मोरपिशी-जांभळा रंग, उन्हात फिरला की वेगळाच दिसणारा. चोच आणि कपाळ लालभडक, कुंकू सांडल्यासारखं. पाय लाल, बोटं इतकी लांब की पानांवरून चालताना बुडत नाही. पाणकणसाचा दांडा उपटते, एका पायात धरते आणि आपण ऊस सोलावा तशी सोलून आतला कोवळा गर खाते. दहा मोडते, एक खाते. दर पावलाला शेपटी उडवते, खालचं पांढरं दाखवते. आरडते तेव्हा वंगण नसलेल्या बैलगाडीसारखी. अंडी दोघं मिळून उबवतात. एक उठतं, दुसरं बसतं. माझी मान तेव्हा आपोआप घराकडं वळते, जिथं पोरीचे बाबा घोरत असतात.

सासूबाई स्वयंपाकघरातून म्हणाल्या, "दाखव ना संजीवनी. अधिकात जावयाचं मन मोडू नाही."

"दाखवते," मी म्हटलं.

अंडी घालण्याआधी तिनं दोन घरटी रचून सोडून दिली होती. हिचं तसंच असतं, पसंत पडेपर्यंत बांधत राहते. त्यातल्या मोठ्या, रिकाम्या घरट्याकडं मी भाऊजींना नेलं. खरं घरटं पलीकडं, पाणकणसाच्या दाट बेटात होतं, चाळीस पावलांवर.

भाऊजींनी लगेच विळा चालवला. मग गुडघाभर चिखलात बसले. तासाभरानं पलीकडच्या बेटातून ती बाहेर आली, आमच्याकडं बघून शेपटी उडवली.

"तिकडून काऊन आली ही?" भाऊजी उठायला लागले.

"नर असंल, भाऊजी. चराले आला."

नर-मादी दिसायला सारखीच असतात. मलाही ओळखता येत नाही. भाऊजींनी लेन्समधून मिनिटभर बघितलं. पक्षितज्ज्ञाला माहीत नाही म्हणणं शोभतं का?

"नरच आहे," ते म्हणाले. "चाल पहा ना त्याची, कसा ऐटीत चालते. मादी लाजाळू असते, वहिनी. इथंच येईल ती."

"तुमचंच खरं."

ते परत बसले. दुपारचे तीन वाजले. नणंद सुवर्णाताई काठावरून ओरडल्या, "अहो, धोंडे थंड होऊन राह्यले! कोंबडीनं औक्षण करावं म्हणता का तुमचं?"

"हळू बोल! मादी जवळच आहे!"

"मी हाव ना जवळ," सुवर्णाताई म्हणाल्या आणि निघून गेल्या.

साडेचारला भाऊजी वर आले. पोटऱ्यांना चार जळवा, बूट चिखलातच राहिलेला. रिकाम्या घरट्याचा फोटो तेवढा काढला होता. जेवताना सासूबाईंना म्हणाले, "घरटं टाकून दिलं तिनं. आजकालच्या मादीत माया राहिली नाही." सासूबाईंनी त्यांच्या पानात आणखी दोन धोंडे वाढले आणि माझ्याकडं बघितलंच नाही.

आठव्या दिवशी दुपटी धुवायला सासूबाई सोबत आल्या. पोरगी त्यांच्या कडेवर. तेवढ्यात भाऊजींचा फोन. "वहिनी, त्या घरट्यात काही दिसलं का मग?"

"नाही हो भाऊजी. रिकामंच आहे ते."

समोर पाणकणसातून पाणकोंबडी निघाली. मागं चार पिल्लं, काजळाच्या बोळ्यांसारखी, लाल चोचींची, पाण्यावर धडपडत.

"कोणाचा फोन?" सासूबाईंनी विचारलं.

"जावईबापूंचा."

"ठेव तो. पोरगी पाहून राह्यली, तिले पाहू दे."

पोरीनं हात पुढं केला. पिल्लं पाणकणसात शिरली, एकामागोमाग एक, चारही.