सव्विसावा प्रश्न

प्रश्न सहावा. खोलीत गेल्यावर, आपण कशाला आलो तेच आठवेनासं होतं का?

"कुठल्या खोलीत?" बू मानचुनने विचारलं.

"कुठल्याही, मावशी."

"माझ्या घरात एकच खोली आहे गं. तिथे मी असतेच. जायचं कुठून?"

पाणबुड्या बायकांमध्ये हशा पिकला. शेगडीभोवती अकरा जणी बसल्या होत्या, कंबरेपर्यंत चढवलेले रबरी पोशाख आणि हातात भाजलेली रताळी. आरोग्यकेंद्राची दाहे गुडघ्यावर कागद ठेवून वाचत होती, कारण मानचुनला वाचता येत नव्हतं. विसराळूपणाचे पंचवीस प्रश्न, प्रत्येकापुढे पाच चौकोन. कधीच नाही, क्वचित, कधीकधी, बरेचदा, नेहमी.

"कधीच नाही, लिही."

"खोटारडी!" शेजारची मालसुन म्हणाली. "परवा दार सताड उघडं टाकून गेलीस. माझ्या कोंबड्या तुझ्या उशीवर बसल्या होत्या."

"तो पाहुणचार होता."

दाहेने हळूच 'क्वचित'वर खूण केली.

प्रश्न अकरावा. ओळखीच्या माणसाचं नाव आठवत नाही? – क्वचित. (नवऱ्याचं. मुद्दाम.)

प्रश्न सतरावा. रस्त्यावरची पाटी नजरेतून सुटते? – पाट्याच मला सोडून देतात. (खाडाखोड. कधीच नाही.)

प्रश्न विसावा. हातातून वस्तू पडते? – हिला विचारू नका, हिच्या हातातून शंखसुद्धा सुटत नाही. (हे मालसुन म्हणाली. कधीच नाही.)

हसणं चाललं होतं, पण प्रत्येकीचा एक कान बेरजेकडे होता. पन्नासच्या वर गुण गेले की खोल पाणी बंद. मग उरायचं ते किनाऱ्यालगतचं, म्हाताऱ्यांसाठी गावाने राखून ठेवलेलं कंबरेएवढं पाणी. सगळ्या त्याला आजीचं पाणी म्हणत. मानचुन सत्त्याहत्तर वर्षांची होती आणि अजून आठ वाव खाली जात होती. एकतीस वर्षं ती या बायकांची मुख्य होती. ती बोट दाखवील तिकडे होडी जायची.

दाहेने बेरीज केली. "नऊ! मावशी, माझेच छत्तीस आहेत."

टाळ्या पडल्या. "झालं," ग्योंगसुन म्हणाली. पन्नाशीतली ही बाई मानचुननंतरची सगळ्यांत खोल जाणारी. "आणखी दहा वर्षं आमची सुटका नाही. चला, ओहोटी लागली."

बायका उठल्या. मानचुन उठली नाही.

"बस, पोरी. हे सगळे प्रश्न जमिनीवरचे आहेत. पाण्यातलं एकही विचारलं नाहीस."

"छापील आहेत, मावशी. मला नवे घालता येत नाहीत."

"खाली कोरी जागा दिसतेय ना? लिही. प्रश्न सव्विसावा. तळाशी असताना, श्वास संपत आलाय हे विसरायला होतं का?"

निघालेल्या बायका मागे वळल्या. मानचुनने सगळं सांगून टाकलं.

गेल्या गुरुवारी कपारीखाली तिला तळहाताएवढा अबालोन दिसला होता. तिने लोखंडी पट्टी घालून तो शिंपला सोडवला. मागे दुसरा होता. हाव म्हणावी तर हावेला ती चांगली ओळखत होती, जन्मभर तिला पाठ दाखवून वर आली होती. हे तसं नव्हतं. मळ्यात मुळे उपटताना संध्याकाळी काय शिजवावं याचा विचार करत बाई उभी राहते, तशी ती तळाशी उभी होती. आपण पाण्यात आहोत हेच तिला ठाऊक नव्हतं. मग कडेने अंधारून आलं. वर येऊन तिने श्वास सोडला तेव्हा नेहमीसारखी शीळ वाजली. दहा हातांवर मालसुन होती. तिने शीळ ऐकली, ही नीट वर आली असं धरलं आणि पुन्हा बुडी मारली.

आजपर्यंत कोणालाच कळलं नव्हतं. कधी कळणारही नव्हतं.

"एकदाच ना?" दाहे घाईने म्हणाली. "एकदा म्हणजे क्वचित. त्याचा एक गुण. नऊ आणि एक दहा. दहाने काही होत नाही, मावशी!"

"तुझ्या कागदाचं होत नसेल."

"कोणी पाहिलं नव्हतं," ग्योंगसुन जवळजवळ ओरडलीच. "सांगायची काय गरज होती?"

"तू वर कधी येतेस?"

"म्हणजे?"

"मी निघाले की निघतेस. वीस वर्षं बघतेय. स्वतःच्या छातीचं कधी ऐकलंस का? मी निघालेच नाही तर तू काय करशील, बाई?"

ग्योंगसुनने तोंड फिरवलं. मालसुन नाक पुसत पुटपुटली, "मेलीला शेवटपर्यंत मुख्यपण सुटत नाही."

"नाहीच सुटत. या गावात कोणी किती खोल जायचं ते एकतीस वर्षं मी ठरवलं. माझं काय, कागद ठरवणार?"

तिने तो सव्विसावा प्रश्न दाहेकडून दोनदा वाचून घेतला, एकही शब्द गळला नाही ना ते पाहिलं, आणि खाली अंगठा उठवला.

दुसऱ्या दिवशी होडी सुरू होऊन थांबली होती. मानचुनने ग्योंगसुनला हाताने खूण केली, जा. मग ती खडकांवरून आजीच्या पाण्याकडे उतरली. खाली दोन म्हाताऱ्या बसल्या होत्या, एक शहाऐंशीची, एक नव्वदीची.

"आलीस?" नव्वदीची म्हणाली. "ती कपार माझी. शिवायचं नाही. आणि आमच्यात तूच लहान, तेव्हा पिशव्या तू घ्यायच्या."

"घेते, मावशी."

एकतीस वर्षांत पाण्याकडे जाताना तिच्यापुढे कोणी चाललं नव्हतं. मानचुनने तिन्ही जाळीच्या पिशव्या खांद्यावर टाकल्या आणि त्या दोघींच्या मागून, ताठ मानेने, चालू लागली.