रंग न घेतलेली बाजू

“रंग मला चालत न्हाई,” गोजरबाई म्हणाली आणि हात पदराखाली ओढून घेतला.

सिस्टर सुई धरून तशीच उभी. “आजी, औषध आहे ते. शिरेतून सोडलं की किडनी फोटोत उजळून दिसते. आम्ही त्याला रंग म्हणतो, एवढंच.”

“तुमी काय बी म्हणा. मालक गेल्यापासून कुंकवाला बोट लावलं न्हाई, धुळवडीला दाराभाईर आले न्हाई. आता म्हातारपणी रगतात रंग कालवू व्हय?”

दारातून सून मीना हळूच म्हणाली, “आत्याबाई, सोनोग्राफीत डावी किडनी बारीक दिसलीया. फोटो न्हाई काढला तर डॉक्टर तुमची घ्यायचेच न्हाईत.”

“तुला कुनी इचारलं गं?”

पण हात पदराबाहेर आला.

तिचा लेक अंगद वाटूरच्या फाट्यावर टायरचं दुकान चालवायचा. आता जालन्याला येऊन मशीनवर रक्त धुऊन घेत होता, आणि तोंड सुजून कणकेच्या गोळ्यासारखं झालं होतं. घरातल्या कुणाची किडनी जुळली तर माणूस वाचतो, असं डॉक्टर म्हणाले. मीनाचं रक्त जुळलं होतं, ती तयारही होती. पण गोजरबाईनं भर गल्लीत सांगून टाकलं, “मी जित्ती असताना माज्या लेकात परक्या घरचा तुकडा बसवायचा न्हाई. माज्या पोटातून आलाय, माज्याच पोटातलं घील.” मीना भांडी घासत ऐकत होती. मान वर केली नाही.

औषध शिरलं तसं नरड्यापासून ओटीपोटापर्यंत ऊन पाणी ओतल्यासारखं झालं. “चढला मेला,” गोजरबाई पुटपुटली.

दुपारी डॉक्टरांनी फोटो दाखवला. उजवीकडे भरल्या शेंगेसारखं पांढरंफेक दिसत होतं. डावीकडे चिंचोक्याएवढं काहीतरी, सुरकुतलेलं, काळपट.

“डाव्या किडनीनं रंगच घेतला नाही.”

गोजरबाई ताठ झाली. “कशी घील? शिस्तीची हाय ती. मालकाच्या माघारी...”

अंगद स्वतःच्या सुजल्या पायांकडे बघत होता.

“आजी,” डॉक्टरांनी आवाज खाली आणला, “ती कधीचीच वाळून गेलीय. तुम्ही एकाच किडनीवर जगताय. तुमची घेता येणार नाही.”

“मंग ती चांगली हाय ती घ्या.”

“ती घेतली तर तुम्ही जाल.”

“जाते की! कुनाचं अडलंय माज्यावाचून?”

“माय,” अंगद म्हणाला.

बाहेरच्या बाकावर मीनानं चहा आणून दिला. चहा पाणचट होता. गोजरबाई तो नावं न ठेवता प्याली, तेव्हाच मीना शेजारी येऊन बसली.

म्हातारी समोरच्या भिंतीला सांगावं तसं म्हणाली, “मीने, तू रंग घे.”

“तुकडा परक्या घरचा हाय, आत्याबाई,” मीनाचा आवाज चढला नाही. “बगा. चालंल का?”

गोजरबाईनं रिकामा कप बाकाखाली ठेवला.

“चालंल,” ती म्हणाली.

पुढच्या आठवड्यात तीच खोली, तीच सिस्टर. “ताई, मंगळसूत्र काढा. पोटावर येतं, फोटोत आडवं दिसेल.” सिस्टरनं स्टीलचा ट्रे पुढं केला.

मीनाचा हात गळ्याशी गेला आणि तिथंच थांबला. न्हातानासुद्धा ते काढलं तर हीच सासू घर डोक्यावर घ्यायची. आजारी नवरा बाहेर बाकावर बसलेला. तिनं गोजरबाईकडं पाहिलं.

गोजरबाई ट्रेकडं बघत होती. मालक गेले त्या दिवशी बायकांनी तिचं काढून परातीत टाकलं होतं. तो खळ्ळकन झालेला आवाज ती अजून विसरली नव्हती.

“काढ,” ती म्हणाली. “पर त्यात न्हाई ठिवायचं.” आणि तिनं तळहात पुढं केला. कोपराच्या खळगीत तिची सुईची जागा अजून काळीनिळी होती.

गोजरबाई बाहेर बाकावर आली आणि दार लागलं. वरचा लाल दिवा पेटला. शेजारी अंगद भिंतीला डोकं टेकून झोपला होता. मुठीतले मणी मीनाच्या गळ्याचे, अजून कोमट होते. ते गार पडू नयेत म्हणून गोजरबाईनं दुसरा हातही मुठीवर झाकून घेतला.