बारावा बाप्तिस्मा

मला तेरा मुलं. त्यातली बायकोच्या पोटची एकच, बाकी बारा धंद्याची.

हसू नका. आमच्याकडे लेकराचा बाप्तिस्मा करताना जन्मदात्याशिवाय आणखी एक बाप लागतो. त्याला नोनोस म्हणतात. लेकराला अंगभर ऑलिव्हचं तेल चोळायचं, त्याच्या वतीने सैतानाला तीनदा नाकारायचं आणि पुजाऱ्याने पाण्यातून काढलं की पांढऱ्या पंच्यात झेलायचं, हे नोनोसचं काम. त्या दिवसापासून तुम्ही आणि त्या मुलाचा बाप एकमेकांचे कुंबारोस. सख्ख्या भावाशी भांडता येतं, कुंबारोसशी नाही. आणि कुंबारोस जर चीज शिजवायचे हौद बनवत असेल, तर दुसऱ्याकडून हौद घ्यायची कुणाची बिशाद आहे?

हे शहाणपण मला कुणी शिकवलं नाही, ते आपसूक गळ्यात पडलं. चौऱ्याहत्तर साली आमच्या बेटावर युद्ध आलं तेव्हा वारोशाहून नेसत्या कपड्यांनिशी पळालो आणि लार्नाकाच्या बाहेर एका पत्र्याच्या शेडमध्ये वेल्डिंगचं मशीन टाकून बसलो. तीन वर्षं खिडक्यांचे गज आणि गाढवांच्या गाड्यांचे आस जोडले. मग एका गावच्या हांबिससाठी हलूमीचा, म्हणजे आमच्या बेटावरच्या चीजचा, हौद बनवला, स्टेनलेस स्टीलचा. तोवर तो बापडा आजोबांच्या वेळच्या तांब्याच्या कढईत चीज शिजवत होता. हौद बघून त्याचे डोळे चमकले, पण तोंड पडलेलं.

"पिएरी, माल तुझा झकास आहे रे," तो म्हणाला, "पण मी निकोसियातल्या एकाला शब्द देऊन बसलोय."

त्याची बायको पांडेलित्सा कडेवर लेकरू घेऊन उभी होती. ती म्हणाली, "याला अजून तेल लागायचंय. पिएरीसलाच नोनोस कर की. मग निकोसियावाल्याला सांगता येईल, घरचा माणूस आहे म्हणून."

तो हौद विकला गेला आणि झेनोन माझा पहिला धर्मपुत्र झाला. चर्चमध्ये श्रद्धेचा मंत्र म्हणताना मी मधली एक ओळच खाल्ली. पुजाऱ्याने डोळे वटारले, हांबिसने फुटलेलं हसू खोकल्यात लपवलं.

आईने मला तेव्हाच बजावलं होतं, "घे बाबा नोनोसपण, पण मुलगेच घे. एकाच नोनोसने तेल लावलेले मुलगा आणि मुलगी उद्या एकमेकांत गुंतले तर लग्न लागत नाही, भावंडं होतात ती." मी आईचं ऐकलं. सत्तावीस वर्षांत अकरा दुग्धालयं आणि अकरा मुलगे. एकाही मुलीला तेल लावलं नाही. या दूरदृष्टीबद्दल मी स्वतःची पाठ थोपटून घ्यायचो. स्वतःला मुलगी होईल, हा हिशेब मात्र माझ्या बुद्धिमान डोक्यात कधी आलाच नाही.

माझी मिरोफोरा झेनोनपेक्षा तीन वर्षांनी लहान. थेसालोनिकीला इंजिनियर होऊन आली तेव्हा शेडचा कारखाना झाला होता, चौतीस माणसं, हौद, बॉयलर, दाबयंत्रं. आमचा देश युरोपीय संघात जायचं ठरलं आणि बेटावरच्या प्रत्येक चीजवाल्याला एकदम चकचकीत स्टील हवंसं झालं. मिरोने सगळं अंगावर घेतलं. नकाशे ती काढायची, कामगारांना ती झापायची. मी नुसता कॉफी पीत फिरायचो आणि लोकांना सांगायचो, "पोरगी आहे माझी." हांबिसकडे नवी यंत्रं बसवायला ती सहा आठवडे रोज जात होती. झेनोन आता बापाचं दुग्धालय चालवतो. मला वाटलं, दोघं पाईप जोडतायत.

एका रविवारी अंगणात शेगडीवर मांस भाजत होतो. मिरो शेजारी येऊन उभी राहिली.

"बाबा, मी आणि झेनोन लग्न करणार आहोत."

माझ्या हातातली सळई फिरायची थांबली. देस्पो, माझी बायको, सॅलड कापत होती. तिने सुरी ठेवली आणि छातीवर क्रूस काढला.

"भाऊ आहे तो तुझा!"

"कुठला भाऊ, आई? तुझ्या पोटचा?"

"तुझ्या बापाच्या हातचा."

मिरो माझ्याकडे वळली. आवाज चढवला नाही तिने. ओरडली असती तर मीही ओरडलो असतो आणि मोकळा झालो असतो. "बाबा, या बेटावर ज्या ज्या घरात हलूमी होतं, त्या प्रत्येक घरातला मुलगा माझा भाऊ आहे. तू मला अकरा भाऊ दिलेस. एकदा तरी विचारलंस?"

"झेनोनच्या वेळी तू जन्मलीच नव्हतीस," मी म्हणालो. उत्तर बरोबर होतं आणि काही कामाचं नव्हतं. मांस करपलं.

पापा-याकोवोसकडे गेलो. म्हातारा पुजारी, माझ्या सहा मुलांचे बाप्तिस्मे त्यानेच केलेले. म्हणाला, "नोनोसचं रक्ताचं मूल आणि त्याचं तेलाचं मूल, ही भावंडंच. मी लग्न लावलं तर पुजारीपण काढून माझी दाढी उतरवतील." बिशपच्या कचेरीत गेलो. तिथे कॉफी चांगली मिळाली, उत्तर तेच मिळालं.

हांबिसने फोन केला. "कुंबारे, माझ्या पोराला उघडं करून तेल चोळलंस तू. आता त्यालाच जावई करणार? गावात तोंड कुठे लपवू मी?"

"हौद घेताना तोंड बरं लपवावंसं वाटलं नाही तुला."

"नोनोस व्हायला मी तुझ्या पाया पडलो नव्हतो हं!" असं म्हणून त्याने फोन आपटला. सत्तावीस वर्षांत पहिल्यांदा भांडलो आम्ही.

मिरोने कुणालाच विचारलं नाही. नगरपालिकेत लग्न नोंदवायचा दिवस घेऊन आली. शनिवार, साडेअकरा. ना पुजारी, ना मेणबत्त्या, ना डोक्यावरचे मुकुट. देस्पो म्हणाली, जिथे देवाची एक तसबीर नाही तिथे मी पाय ठेवणार नाही. मिरोने तिची मनधरणी केली नाही. माझ्यासमोर मात्र बसली.

"दोन साक्षीदार लागतात. झेनोनकडून त्याचा आतेभाऊ. माझ्याकडून तू. बाकी काही नको, बाबा. नुसती सही."

"येईन," मी म्हणालो. "मी नाही येणार तर कोण येणार?"

हे मी मनापासून बोललो होतो. मग मंगळवारी हाजीतोफिस आला.

हाजीतोफिस म्हणजे आमच्या धंद्यातला हत्ती. त्याचं एकट्याचं दुग्धालय बाकीच्या चार जणांना भारी. वीस वर्षं त्याच्या दारात चपला झिजवल्या, पण तो यंत्रं इटलीहून मागवायचा. आता स्वतः माझ्या कचेरीत येऊन बसला. सहा हौद आणि दोन बॉयलर हवे होते त्याला. त्याने टेबलावर बोटं वाजवली.

"पिएरी, लोक काहीबाही बोलतायत तुझ्याबद्दल. माझा विश्वास नाही. शनिवारी दहाला माझ्या नातवाला तेल लागतंय. नोनोस तू हो. सगळे येणारेत, तुझे सगळे कुंबारे. एकदा चर्चमध्ये तुझ्या हातात मूल दिसलं की तोंडं बंद होतील."

"शनिवारी मला..."

"शनिवारी काय?"

मी त्याच्याकडे पाहिलं. त्याला ठाऊक होतं शनिवारी काय आहे. शेडमधून ग्राइंडरचा आवाज येत होता, चौतीस माणसांचा आवाज. नाही म्हटलं असतं तर हा तर गेलाच असता, पण अकरापैकी किती त्याच्या मागे गेले असते? मी जन्मभर गोत बांधलं होतं आणि आता त्याच्याच दोरीने माझे हातपाय आवळले होते.

"काही नाही," मी म्हणालो. "तुम्ही म्हणाल तसं."

चर्चपासून नगरपालिका चार गल्ल्यांवर. दहा ते अकरा बाप्तिस्मा, साडेअकराला सही. संध्याकाळी मिरोला सांगितलं.

"बारावा?"

"शेवटचा."

"साडेअकरा, बाबा. तिथे मागे रांग असते. ते कुणासाठी थांबत नाहीत."

शनिवारी दहाला मी चर्चमध्ये हजर होतो. पुजारी नव्हता. आधीच्या कुणाच्या तरी श्राद्धाची प्रार्थना लांबली होती. तो आला तर हाजीतोफिसची बहीण लिमासोलहून पोचली नव्हती, आणि तिच्याशिवाय सुरुवात करायची म्हणजे सात पिढ्यांचं वैर. मी दारात येरझाऱ्या घालत होतो. कुंबारे एकेक करून येत होते, पाठीवर थाप मारत होते, मुलीचं नाव कुणी काढत नव्हतं. आणि मागच्या खांबाआड हांबिस उभा होता. त्याच्या एकुलत्या एका मुलाचं लग्न चार गल्ल्यांवर लागणार होतं आणि तोही इथेच येऊन लपला होता. आमची नजरानजर झाली. त्याने मान खाली घातली, मीही घातली.

अकरा वाजून पाच मिनिटांनी सुरुवात झाली. तेलासाठी मी मनगटावरचं घड्याळ काढून खिशात टाकलं, बाह्या वर केल्या. पुजाऱ्याने मला पश्चिमेकडे तोंड करून उभं केलं.

"सैतानाला नाकारतोस?"

"नाकारतो."

तीनदा विचारलं, तीनदा नाकारलं. पूर्वेकडे वळलो. मंत्र म्हटला, या वेळी एकही ओळ न खाता. मग ते उघडंवाघडं लेकरू माझ्या हातात आलं आणि पुजाऱ्याने ओंजळीत तेल ओतलं. पाय, पाठ, मान, बगला. पोर धष्टपुष्ट होतं आणि मासळीसारखं निसटत होतं.

तेवढ्यात खिशातला फोन वाजला.

माझे दोन्ही हात कोपरापर्यंत तेलात, त्यात आठ किलोचं रडणारं पोर. फोन वाजून थांबला, पुन्हा वाजला. लोक हसायला लागले. कुणीतरी ओरडलं, "नोनोसला बॉयलरची ऑर्डर आली!"

हाजीतोफिस माझ्या कानाशी आला. "वाजू दे रे. ऑर्डर इथे आहे."

तिसऱ्यांदा वाजला, बराच वेळ वाजला, आणि मग बंद झाला.

लोकांना मी सांगतो की पुजाऱ्याला उशीर झाला. खोटं नाही ते. पण मुलाची आई माझ्यापासून हातभर अंतरावर पंचा घेऊन उभी होती. तिच्याकडे मूल द्यायचं आणि दाराबाहेर चालू लागायचं, एवढंच होतं. मूल तिने झेललं असतं. मी त्या दाराकडे पाहिलंसुद्धा. उघडं होतं, बाहेर ऊन दिसत होतं. मग मी मुलाच्या कानामागे तेल चोळायला लागलो, कारण तिथे राहिलं होतं.

सव्वाबाराला सुटलो. बाप्तिस्म्याला वाटतात ती साखरेच्या बदामांची पुडी खिशात कोंबून हाजीतोफिसने मला कवटाळलं, "कुंबारे!" मी पळत निघालो. साठी जवळ आलेला माणूस, शर्टावर तेलाचे डाग, चार गल्ल्या पळतोय.

नगरपालिकेच्या पायऱ्यांवर तांदूळ सांडले होते. एक नवरी फोटो काढून घेत होती, ती माझी नव्हती. मिरो आणि झेनोन कडेच्या बाकावर बसले होते. तिने पांढरा नाही, निळा झगा घातला होता. कामाला जाताना घालते तसलाच, फक्त नवा. मला बघून झेनोन उठला. लहानपणापासून करतो तसं त्याने वाकून माझ्या हाताचं चुंबन घेतलं. हाताला तेलाचा वास होता, तो त्याला आला असणार.

"बाळ ठीक आहे ना, नोने?" त्याने विचारलं. "फार रडलं का?"

टोमणा नव्हता तो. तसं असतं तर बरं झालं असतं.

"मिरो, अगं पुजारी..."

"माहीत आहे, बाबा." तिने मांडीवरचा कागद माझ्यासमोर धरला. तिचं नाव, झेनोनचं नाव, खाली आतेभावाची सही. त्याच्याखाली अरबी अक्षरांतली एक सही आणि शेजारी छापील अक्षरांत कुणा परक्याचं नाव.

"हा कोण?"

"बैरूतचा आहे. आमच्या मागे रांगेत होता." तिने फोटो काढणाऱ्या त्या जोडप्याकडे बोट दाखवलं. सुटातला एक हडकुळा तरुण नवरीची ओढणी सावरत होता. "त्यांच्याकडे चालत नाही म्हणे त्यांचं लग्न, ती दुसऱ्या धर्माची आहे. म्हणून समुद्र ओलांडून आले. मी तीनदा फोन केला तुला. कचेरीतली बाई म्हणाली, साक्षीदार नसेल तर पुढच्या महिन्यात या. मग त्यानेच विचारलं, मी सही करू का?"

त्या मुलाने आमच्याकडे बघून हात हलवला. मिरोनेही हलवला.

"मी आता करतो," मी म्हणालो. "कुठे करायची सांग. खाली जागा आहे बघ, इथे, कडेला."

मी पेन काढायला खिशात हात घातला आणि बदामांची पुडी हातात आली. मिरोने ती पाहिली. तिने कागदाची सावकाश घडी केली आणि पर्समध्ये ठेवली.

"दोनच रेघा असतात, बाबा," ती म्हणाली. "भरल्या."