चोविसावी वस्तू

स्टोअरकीपरनं पार्सल फोडलं. कॉम्प्युटरवरचं पार्सल ते, त्याला कात्री लागली नाही. फायलीवर उजवी टिचकी मारली, 'उघडा' म्हटलं आणि आतून तीनशे बारा बारक्या फायली बाहेर सांडल्या. त्यानं कपाळावरचा चष्मा नाकावर ओढला आणि पेन्सिल घेऊन खुणा करायला बसला. खुर्च्यांची चित्रं, टेबलांची चित्रं, कपाटं, दिवे. सगळा माल शाबूत होता. मग तो माल त्यानं दोन खेपांत सर्व्हरच्या 'मॉड्स' नावाच्या कप्प्यात नीट लावून ठेवला.

एकतीस वर्षं त्यानं एका इस्पितळाचं भांडार सांभाळलं होतं, आणि बंद खोकं रॅकवर चढवायचं नाही हा त्याचा नियम होता. नोकरीच्या दुसऱ्याच वर्षी हातमोज्यांच्या सीलबंद खोक्यातून नुसता कापूस निघाला होता आणि वरिष्ठांनी त्याला सगळ्यांदेखत फैलावर घेतलं होतं. तेव्हापासून कानाला खडा. फोडायचं, मोजायचं, मगच ठेवायचं. निवृत्तीनंतर घरात आलेलं बिस्किटांचं खोकंसुद्धा याच न्यायानं फडताळात जाई, आणि बायको म्हणे, "अहो, बिस्किटं सादळतात."

ही बायको सात आठवड्यांपूर्वी चार दिवसांसाठी म्हणून बहिणीकडे गेली, तिथल्या जिन्यावरून घसरली आणि पाय मोडून तिथंच अडकली. गाव दूरचं, प्रवास बंद. दोघांची भेट व्हायची ती संध्याकाळी सहाला, खेळात. बहिणीचा लॅपटॉप तिच्या ऑफिसचं काम आटोपलं की मोकळा व्हायचा. ही उशीला टेकून बसायची, कानाला हेडफोन लावायची, इकडे हा लावायचा, आणि दोघं ठोकळ्यांच्या त्या जगात शिरायचे. आपल्या आवडीनं काहीही बांधायचं असा तो खेळ. ते जग कुठल्याशा कंपनीच्या भाड्याच्या सर्व्हरवर राहायचं, म्हणून दोन गावांतून दोघांना त्यात एकाच वेळी जाता येई.

खेळ मुळात तिचा. ती एका अभियंत्याच्या कचेरीत नकाशे काढायची, हाताला मापाची सवय. सुरुवातीला यानं थट्टा केली होती, "साठी उलटली आणि बाईसाहेब ठोकळे रचतायत." बाईसाहेबांनी लक्ष दिलं नाही. दोन वर्षं खपून तिनं त्या जगात एक खोली बांधली. सायकल दुरुस्तीच्या दुकानावरची खोली, त्यांच्या लग्नानंतरची पहिली. रस्ता रुंद करताना ती इमारत कधीच पाडली गेली होती, आणि तिचा एकही फोटो घरात नव्हता. एक हात म्हणजे एक ठोकळा असा हिशेब धरून तिनं ती आठवणीतून उभी केली. खेळात नसलेल्या वस्तू बाहेरून आणून बसवता येतात, त्याला मॉड म्हणतात. तसा फर्निचरचा एक मॉड बसवून तिनं खाट, टेबल, आरसा सगळं जागच्या जागी मांडलं. पहिल्यांदा आत गेला तेव्हा हा अर्धा तास बाहेरच आला नाही. थट्टा तेव्हापासून बंद.

पार्सल फोडलं त्या दिवशी सकाळी कंपनीचा निरोप आला की खेळाची नवी आवृत्ती आली आहे, जुना मॉड चालणार नाही, नवा हातानं बसवा. बायकोनं फोनवरून पायऱ्या सांगितल्या, यानं लिहून घेतल्या. सर्व्हर थांबवायचा. जुनी फाइल काढायची. नवी ठेवायची. मग चालू करायचा.

"आणि नीट ऐका," ती म्हणाली. "मॉड जागेवर नसताना जग उघडलं, तर त्याच्या सगळ्या वस्तू पुसल्या जातात. कायमच्या. घाई करू नका."

"अगं, अख्खं इस्पितळ चालवलंय मी."

"हो हो. सहाला येते."

तर असा सगळा बंदोबस्त करून दुपारी एक वाजता त्यानं सर्व्हर चालू केला, आणि सहज एक फेरी मारावी म्हणून खेळात शिरला. जिना चढला. दार ढकललं.

खोली रिकामी होती. भिंती होत्या, खिडकी होती, खाली फरशी. बाकी काही नाही.

तो बाहेर आला, पुन्हा आत गेला, आपण भलत्याच घरात तर शिरलो नाही ना म्हणून जिन्याच्या पायऱ्या मोजल्या. चौदा. घर तेच होतं. मग त्यानं सर्व्हर थांबवला आणि सकाळी काढून बाजूला ठेवलेली जुनी फाइल पाहिली. ती एकच होती, बंद, जशी आली तशी. आणि त्यानं ठेवली होती तीनशे बारा सुटी भुसकटं, ज्यांच्यात सर्व्हरला मॉड काही ओळखू आला नव्हता. खोकं फोडायचंच नव्हतं.

"बैल आहेस," तो स्वतःला मोठ्यानं म्हणाला.

सुट्या फायली काढून त्यानं नवी फाइल न फोडता, बंदच ठेवली. सर्व्हर निमूटपणे चालू झाला. वस्तूंच्या यादीत खुर्च्या-टेबलं परत दिसू लागली, हवी तेवढी घ्या. खोलीत मात्र शुकशुकाट. पुसलं ते पुसलं.

घड्याळात दीड वाजला होता. फोन करून सांगावं असं त्याच्या मनात आलं. फोन हातात घेतला, ठेवला. सात आठवडे ती पलंगाला खिळली होती. दुखतं म्हणून ती कधी बोलत नसे, पण संध्याकाळी खेळातल्या त्या खोलीत शिरली की तिचा आवाज बदलायचा, हे त्याला हेडफोनमधून कळायचं. तिथं ती चालायची. स्टोव्हपासून खिडकीपर्यंत, खिडकीपासून आरशापर्यंत, उगाचच. ते आपण घालवलं.

साडेचार तास होते. त्यानं कोरा कागद घेतला आणि डोळे मिटून बसला. साठा आठवायचा, दुसरं काय. दारातून आत, उजवीकडून सुरुवात, रॅकमागून रॅक. कागदावर तेवीस वस्तू उतरल्या. चप्पल ठेवायची फळी. पाण्याचं पिंप. स्टोव्ह. एक पाय तोकडा म्हणून विटेवर टेकवलेली खाट. तिचं नकाशांचं टेबल, ज्यावर जेवायला सक्त मनाई होती आणि ज्यावरच दोघं जेवायचे.

मांडायला घेतलं तेव्हा नाकी नऊ आले. खाट उलटी बसली. आरसा छताला चिकटला. खुर्ची ठेवायला जावं तर खुर्चीच्या डोक्यावर दुसरी खुर्ची. तो पुटपुटत होता, काढत होता, पुन्हा ठेवत होता. दुपारचा चहा पेल्यातच निवला. साडेपाचला तेविसाव्या वस्तूवर खूण झाली आणि तो मागे रेलला.

खिडकीपाशी तीन ठोकळ्यांची जागा मोकळी होती.

तिच्या खोलीतही ती मोकळीच असायची. माप चुकेल अशी बाई नव्हे ती. मोकळी सोडली होती. तो रोज तिथून जायचा आणि कधी विचारलं नव्हतं.

तिथं पाळणा होता. खऱ्या खोलीत. त्यांची मुलगी एकोणीस दिवस त्यात निजली, आणि विसाव्या दिवशी इस्पितळातून दोघं रिकाम्या हातांनी परत आली. त्याच आठवड्यात यानं पाळणा उचलून खाली नेला आणि देऊन टाकला. तिला बघवणार नाही असं त्याला वाटलं होतं. तिला विचारलं नव्हतं. पुढे मुलगा झाला, मोठा झाला, तो आता दोन लेकरांचा बाप आहे. पण त्या एकोणीस दिवसांबद्दल दोघं एकमेकांशी कधीही बोलली नाहीत. आधी धीर झाला नाही, मग सवयच झाली.

त्यानं यादी खाली सरकवली. स्टूल, सोफा, फुलदाणी. पाळणा. खेळानं कापडाचा रंग विचारला, त्यानं पिवळा सांगितला. पाळणा खिडकीखाली उभा राहिला. त्यानं तो लगेच काढला. जागा पुन्हा रिकामी झाली, आणि आता ती अजिबात बघवेना. त्यानं पुन्हा ठेवला. पुन्हा काढावा की काय, अशा विचारात माऊसवर हात ठेवून तो बसून राहिला, तोवर सहा वाजले.

"आलात का?" हेडफोनमध्ये तिचा आवाज. "माझ्याकडचा मॉड मी बसवला. तुमचं झालं ना सगळं नीट?"

"अगं, ऐक. एक घोळ झालाय."

त्यानं सगळं सांगितलं. फोडलेलं पार्सल, तीनशे बारा फायली, रिकामी खोली. सगळं पुन्हा मांडल्याचंही सांगितलं. पाळण्याचं तेवढं जिभेवर आलं नाही. ती अशी हसायला लागली की पाय दुखून "आई गं" म्हणाली.

"मोजल्यातसुद्धा? तीनशे बारा?"

"हसू नकोस. दुपारपासून खपतोय मी."

"अहो, पण रोज पहाटे सगळ्या जगाची एक प्रत तिथं आपोआप निघते. बॅकअप. एक बटण दाबलं की काल होतं तसं परत."

"मग कायमच्या पुसल्या जातात म्हणालीस ते?"

"तसं म्हटलं नसतं तर तुम्ही लक्ष दिलं असतं?"

आता बोला! त्यानं डोक्याला हात लावला. पण मनावरचा धोंडाही उतरला होता. तिची मेहनत बुडाली नव्हती. आणि बटण दाबलं की पाळणाही आपोआप जाणार होता. तिला दिसायच्या आत.

"मग दाब बाई ते बटण. आत्ताच दाब."

"थांबा हो. एवढं काय मांडलंत ते बघू तरी."

"नको गं, सगळं वेडंवाकडं झालंय..."

ती जिना चढलीसुद्धा. दार उघडून आत आली. तो भिंतीला लागून उभा राहिला.

"पिंप उजवीकडे होतं," ती म्हणाली. "खाटेखालची वीट मात्र बरी आठवली. मी विसरलेच होते ती." ती आरशापाशी गेली, टेबलाला वळसा घातला. "आणि हा दिवा कुठला? असला दिवा आपल्याला कुणी..."

ती खिडकीपाशी थांबली.

लांबून बहिणीच्या घरातलं एक दार लागल्याचा आवाज आला, बस. तिचं ठोकळ्यांचं माणूस खिडकीकडे तोंड करून उभं होतं. त्याच्या पाठीवरून काय कळणार?

"मी काढतो तो," तो म्हणाला. "दाब तू बटण. चुकलं माझं."

"हात लावू नका."

तिचा आवाज जड झाला होता. तिनं खेळातली वस्तू उचलायची कुऱ्हाड काढली आणि एका घावात पाळणा उचलला. मग ती एक पाऊल मागे सरकली आणि तिनं पाळणा पुन्हा खाली ठेवला, भिंतीपासून एक ठोकळा आत.

"इथं होता," ती म्हणाली. "खिडकीला लागून ठेवला की तिच्या डोळ्यांवर ऊन यायचं. तुम्हीच ओढला होतात ना आत, तिसऱ्या की चौथ्या दिवशी."

त्याला आठवलं. फरशीवर ओरखडा उठला होता. त्यानं चष्मा काढला, शर्टाच्या टोकानं पुसला, पुन्हा लावला, तरी समोरचं धुरकटच.

"हो," तो म्हणाला. "चौथ्या."

ऊन खिडकीतून आत येऊन पाळण्याच्या अलीकडेच थांबलं होतं.

"पण दुपटं पिवळं नव्हतं," ती म्हणाली.

"पिवळंच होतं."

"अहो, मी शिवलं होतं. निळं होतं, काठ पिवळा."

"काठ नव्हता त्याला. मी रोज घडी घालायचो."

"तुम्ही?" तिनं नाक ओढलं. "घडी तुम्ही घालायचात?"

"तू झोपलेली असायचीस."

"मला कधी बोलला नाहीत ते."

"नाही."

"बरं. मग आता नीट सांगा," ती म्हणाली. "काठ नव्हता, तर काय होतं?"