टेव्हिसच्या कडव्यामागची गुणगुण

बुधवारी संध्याकाळच्या उपासनेपर्यंत मी पाण्याशिवाय काही घेत नाही. त्या बुधवारी परसातली कोलार्डच्या भाजीची पानं धुवायला घेतली होती, तेवढ्यात डेमंड आणि कॉर्नेल अटलांटाहून परत आले. डेमंड माझा नातू. घरात शिरला की आधी पातेल्यांची झाकणं उघडायची, ही त्याची लहानपणापासूनची खोड. आज मात्र तो दारातच थांबला. त्याचा दोस्त कॉर्नेल तर टोपी काढून हातात धरून उभा.

"कोण गेलं?" मी विचारलं.

"कुणी नाही, आजी. तुझ्याशी बोलायचंय."

"मग टोपी घाल बाबा, कॉर्नेल. उगाच जिवाला घोर नको."

घोर लागायला कारण होतं. त्याच वर्षी मार्चमध्ये आम्ही टेव्हिसला पुरलं होतं. डेमंड, कॉर्नेल आणि टेव्हिस. आमच्या जॅक्सन गावात या तिघांना आमच्या रस्त्याच्या नावावरून 'गॅलटिन थ्री' म्हणून पोरंसोरंही ओळखत. कॉर्नेलच्या जुन्या गाडीच्या डिकीत आपल्या रॅप गाण्यांच्या कॅसेटी भरून न्हाव्याच्या दुकानापुढे, फुटबॉलच्या मैदानाबाहेर हे विकत फिरायचे. आता अटलांटाच्या एका कंपनीने त्यांचा पहिला खराखुरा अल्बम काढायचं ठरवलं होतं. सगळी गाणी तिथल्या मोठ्या स्टुडिओत नव्याने केली. एक सोडून. त्या गाण्यात टेव्हिसचं कडवं होतं, आणि तोवर सिकल सेलने, त्या रक्ताच्या आजाराने, टेव्हिसला नेलं होतं. ते कडवं फक्त माझ्या मागच्या खोलीत केलेल्या टेपवर होतं.

मागची खोली म्हणजे काय, तर माणूस आत बसेल एवढं कपड्यांचं कपाट. माझ्या आईच्या हातच्या गोधड्या त्यांनी आत चारी बाजूंनी खिळ्यांनी ठोकल्या होत्या. भिंतीपलीकडे माझं स्वयंपाकघर. रेकॉर्डिंग सुरू झालं की फ्रिजची पिन काढायची, पंखा बंद, शेजारच्या कुत्र्याला हाड टाकून यायचं.

"तिथल्या माणसाने ती टेप मोठ्या स्पीकरवर लावली," डेमंड म्हणाला, "आणि विचारतो, ही मागे बाई कोण? आम्ही म्हटलं, कुठली बाई? चार वेळा लावल्यावर आम्हाला ऐकू आलं."

"कोण होती?"

"तू, आजी. फ्रिज बंद केला, पंखा बंद केला. तुला बंद करायचं कुणाला सुचलंच नाही."

"मी गात नव्हते."

"तू गात कधीच नसतेस. गुणगुणतेस. दिवसभर. मी त्यातच वाढलो, मला कुठून ऐकू येणार? ते फ्रिजसारखंच झालंय."

"फ्रिजसारखं! बरं झालं सांगितलंस."

पण दोघांपैकी कुणी हसलं नाही. कॉर्नेल खाली बघत म्हणाला, "मिस ऑर्लीन, माइक एकच होता. तुमचा आवाज काढायला गेलं तर टेव्हिसचाही जातो. राहिले तर दोघं, नाहीतर गाणंच वगळावं लागेल. कंपनी म्हणते, तुमचा होकार हवा."

मी पानं पाण्यात तशीच सोडली आणि खुर्चीवर बसले.

माझा नवस गल्लीत सगळ्यांना ठाऊक आहे. लूशस व्हिएतनामच्या लढाईत होता तेव्हा मी गुडघ्यांवर बसून बोलले होते की माझा नवरा धडधाकट घरी आला तर माझा गळा देवाचा. देवाच्या घराबाहेर कुणाला ऐकवायचा नाही. लूशस आला. पुढे कित्येक वर्षांनी गेला तो स्वतःच्या अंथरुणात, माझा हात धरून. देवाने आपली बाजू राखली. मेम्फिसहून एक गाणी काढणारा माणूस दोनदा दारात आला होता, त्यालाही मी लिंबाचं सरबत पाजून परत पाठवलं होतं.

"टेव्हिसच्या आईला सांगितलंत?"

"गाडीत बसलीय," डेमंड म्हणाला. "आत यायला नको म्हणते."

ग्लेंडा मागच्या सीटवर होती, हॉटेलच्या धुलाईखान्यातल्या निळ्या कपड्यांतच. ती चर्चला येत नसे. पोराच्या मातीला आली तेवढीच.

मी शेजारी बसले. आमच्याकडे गाणं खरं की खोटं ते गाडीतच ठरतं, मग अटलांटात कितीही भारी यंत्रं असोत. कॉर्नेलने टेप लावली आणि गाडी सावकाश काढली. डिकीतल्या स्पीकरांचा ठोका आधी माझ्या पाठीच्या कण्यात शिरला, मग कानात. आणि मग टेव्हिस आला. शब्दाआधी त्याने ओढून घेतलेला श्वास आला. मग तो बोलू लागला. पहाटे त्याचा शर्ट इस्त्री करणारी आई, दवाखान्यातल्या खिडकीतून दिसणारा पार्किंगचा दिवा. मध्येच दोन सणसणीत शिव्या.

"या मी नाही शिकवल्या," ग्लेंडा म्हणाली.

"माझ्या कपाटात बसून दिल्या, लबाडाने," मी म्हणाले. ती हसली आणि लगेच तिने तोंडावर हात धरला.

त्याच्या मागे मी होते. गोधड्यांतून गाळून आलेली, बारीक. चर्चमधलं ते गीत मी ओळखलं. टेव्हिसला आमच्याकडे असताना दुखायला लागलं की त्याच्या अंगावर पांघरूण घालताना माझ्या तोंडी यायचं तेच.

"मागे घे रे," ग्लेंडा कॉर्नेलला म्हणाली. "श्वासापासून."

त्याने टेप मागे घेतली. पुन्हा घेतली. गाडी आमच्याच गल्लीला फेरे घालत राहिली.

"मिस ऑर्लीन, मी मागायला आले नाही," ती शेवटी म्हणाली. "नवस तो नवस. माझ्याकडे त्याचे फोटो आहेत. पण फोटोत तो गप्प असतो. माझा टेव्हिस कधी गप्प होता का हो?"

डेमंड पुढून वळून म्हणाला, "आजी, टेव्हिस आता देवाघरीच आहे ना? म्हणजे तुझा आवाज देवाच्या घरातच..."

"वकिली नको, डेमंड. देवाशी असलं चालत नाही."

मी मनातल्या मनात देवालाच विचारलं. उत्तर आलं असं मी म्हणणार नाही. शेजारी ग्लेंडाचा हात होता, साबणाने सोलवटलेला.

"राहू दे गाणं," मी म्हणाले. "माझा होकार आहे."

"म्हणजे नवस मोडत नाही?" कॉर्नेलने विचारलं.

"मोडतो. त्याचं मी बघेन."

आमच्या चर्चमध्ये गायकवृंदातल्या कुणाकडून चूक झाली की त्याला झगा उतरवून खाली बाकावर बसवतात. मला कुणी बसवलं नाही. रविवारी मीच झगा खुंटीला टांगला आणि पास्टर स्टॉलवर्थना सगळं सांगितलं.

"सिस्टर ऑर्लीन," ते म्हणाले, "चुकून झालेल्या गोष्टीसाठी बसायचं नसतं."

"झालं चुकून, पास्टर. ठेवलं मी जाणूनबुजून."

त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि मान हलवली. गायकवृंदात माझ्या शेजारी उभी राहणारी हॅटी मे जाताजाता कानाशी म्हणाली, "जास्त दिवस बसू नकोस गं. वरचे सूर मला एकटीला झेपायचे नाहीत, आणि तुझ्याच्याने ते ऐकवणार नाहीत."

मी बाकावर बसले. इतक्या वर्षांत खालून गायकवृंद कधी पाहिलाच नव्हता. उपासना अर्ध्यावर आली असताना कुणीतरी माझ्या शेजारी सरकून बसलं. ग्लेंडा. कामावरचेच बूट, डोक्यावर मात्र चर्चला बायका घालतात तशी टोपी, तीही कुणाची तरी मागून आणलेली, कपाळापर्यंत उतरलेली.

"बघू नका असं," ती पुटपुटली. "उठून जाईन."

चर्चचं काम बघणारे म्हातारे डीकन उभे राहिले आणि त्यांनी गीत उचललं. ते गीत आमच्याकडे पुस्तकात बघून कुणी म्हणत नाही, सगळ्यांना पाठ आहे. भोवतीचे आवाज चढले. ग्लेंडाने तोंड उघडलं आणि मिटलं. टेव्हिसच्या मागे होतं तेच गीत. तिने ते ओळखलं होतं, पण शब्द तिला येत नव्हते.

"पुढे काय?" तिने विचारलं.

बाकावर असेपर्यंत गळा मी मिटून घेतला होता. पण सांगायला काय हरकत होती? मी तिच्या टोपीखाली वाकून ओळ कानात सांगितली. तिने ती म्हटली, बेसूर आणि भलतीच मोठ्याने. पुढच्या बाकावरच्या दोघी वळून बघू लागल्या.

मी पुढची ओळ सांगितली.