अंगभर ऊन

टेक्सासमधल्या शुगर लँडच्या भर जुलैत बंद गळ्याचा, मनगटापर्यंत बाह्यांचा ब्लाउज घालून मराठी मंडळाच्या पंगतीत वाढणारी बाई म्हणजे मी, उल्का. चेहरा आणि हातांचे पंजे सोडले तर मला अंगभर कोड आहे. ते कोणाला लागत नाही, मला दुखत नाही. पण नागपूरला त्यावरून स्थळं मोडली आणि आईने सांगितलं, झाकून राहा. परीक्षितने सगळं जाणूनसवरून लग्न केलं, तरी मी अमेरिकेतही झाकूनच राहिले. मंडळातल्या बायकांना वाटतं, मी फार जुन्या वळणाची आहे.

यंदा माझं डोकं फिरलं. जन्म चालला, पाठीला ऊन म्हणून लागलं नाही. मला एकदा तरी चारचौघांत, काहीही न झाकता, अंगभर ऊन घ्यायचं होतं. कपड्यांशिवाय वावरायची परवानगी असलेला फ्लोरिडातला एक शांत किनारा मी शोधला, तिकिटं काढली आणि मग परीक्षितला सांगितलं.

"तू बिनधास्त जा गं," तो म्हणाला. "माझी चड्डी मात्र राहू दे."

तिथे पांढरी वाळू, तुरळक छत्र्या आणि आपापल्या टॉवेलवर पहुडलेली, बरीचशी म्हातारीकोतारी माणसं. टॉवेल आपला आपण आणायचा, फोटो काढायचा नाही, कोणाकडे टक लावून बघायचं नाही, असे तिथले नियम. हा शेवटचा नियम आमच्या मंडळात लावला तर निम्मी गर्दी घरी बसेल. मी कुडता काढला, मग सगळंच काढलं. कोणी मानसुद्धा वळवली नाही. पाण्यात शिरले तेव्हा मला हसू आवरेना.

बाहेर आले आणि खुशाल मराठीत ओरडले, कारण इथे कोणाला कळणार होतं? "परीक्षित, मंडळाच्या बायकांनी बघायला हवं होतं मला. कोडासकट."

शेजारच्या छत्रीखालची एक मोठी हॅट वर झाली. हॅटखाली पद्मिनीताई, आमच्या मंडळाच्या अध्यक्ष. हॅट सोडून त्यांच्याही अंगावर काही नव्हतं.

परीक्षित टॉवेल घेऊन धावला. बाकीच्या लोकांचं काय, ते मला पुन्हा दिसणार नव्हते. ही बाई मात्र शनिवारी पंगतीत भेटणार होती, आणि तिच्या पाठोपाठ अख्खं मंडळ. माझा हात टॉवेलकडे गेलाही. मग स्वतःचाच असा संताप आला की सांगता सोय नाही. मी काय कोणाचं चोरलं होतं?

"राहू दे तो," मी परीक्षितला म्हटलं आणि तशीच, ताठ मानेने चालत जाऊन त्यांच्यासमोर उभी राहिले. "नमस्कार, पद्मिनीताई."

त्यांनी मला खालपासून वरपर्यंत पाहिलं, तिथला नियम मोडून, चांगलं टक लावून.

"अगं, हे होय? इतकी वर्षं मला वाटायचं, तुला हॉलचा एसी सोसत नाही." मग त्या आवाज खाली आणून म्हणाल्या, "हे बघ, मी इथे दरवर्षी येते. मंडळात कोणाला बोलू नकोस, बाई."

"तुमचं नाही बोलणार," मी म्हटलं. "माझं मात्र सगळ्यांना सांगा."